बोट पकडली गेली तर माल कुणाचा? जोखीम आणि मालकीतला फरक

"माल बोटीवर चढला, आता आपला काय संबंध?" नागपूरच्या इतवारीत, कळमन्याच्या बाजारात निर्यातीचा विषय निघाला की हे वाक्य हमखास ऐकू येतं. एरवी ते खपून जातं. युद्धात बोट पकडली गेली तर मात्र ते महागात पडतं, कारण त्यात जोखीम आणि मालकी एकच धरलेली असते.

जोखीम म्हणजे माल भिजला, बुडाला तर नुकसान कुणी सोसायचं. एफओबी (जहाजाचं भाडं-विमा खरेदीदाराकडे) आणि सीआयएफ (भाडं-विमा विक्रेत्याच्या किमतीतच) या सौद्यांत माल जहाजावर चढला की ती खरेदीदाराकडे जाते. मालकी कधी बदलते, याबद्दल मात्र इन्कोटर्म्स, म्हणजे अशा सौद्यांच्या आंतरराष्ट्रीय प्रमाण अटी, काहीच ठरवत नाहीत. ते दोघांच्या करारावर आणि बिल ऑफ लेडिंगवर, म्हणजे ज्यावर माल ताब्यात मिळतो त्या जहाज कंपनीच्या पावतीवर, अवलंबून. आपल्या 1930 च्या मालविक्री कायद्याचं कलम 25 सांगतं की बिल विक्रेत्याच्या किंवा त्याच्या एजंटच्या ऑर्डरचं असेल, म्हणजे ते सांगतील त्यालाच माल द्यायचा असेल, तर विक्रेत्याने मालावरचा हक्क राखून ठेवला असं प्रथमदर्शनी धरायचं. म्हणजे कापसाच्या गाठी अजनीहून निघून न्हावाशेव्याला बोटीवर चढल्या, जोखीम परदेशी गिऱ्हाइकाची झाली, तरी तो पैसे भरून बँकेतून कागद सोडवत नाही तोवर गाठी नागपूरच्याच असू शकतात.

युद्धात पकडलेल्या जहाज-मालाचा निवाडा प्राइज कोर्ट करतं. नुकसान कुणाचं, हा तिथला प्रश्नच नाही. पकडला त्या घडीला माल कुणाच्या मालकीचा होता, एवढंच पाहतात.

याचा उत्तम दाखला म्हणजे 'मिरामिची' हे ब्रिटिश जहाज. 1914 मध्ये महायुद्ध पेटण्याआधी ते अमेरिकेतल्या गॅल्व्हेस्टनहून गहू घेऊन निघालं. गहू जर्मन खरेदीदारांना विकलेला होता, जोखीमही त्यांचीच. पण त्यांनी पैसे देऊन कागद उचलले नाहीत. ब्रिटिश सरकारने शत्रूचा माल म्हणून गव्हावर दावा केला. न्यायाधीश सर सॅम्युअल इव्हान्स यांनी कसोटी मालकीची लावली, जोखमीची नाही, आणि गहू अमेरिकी विक्रेत्यांना परत मिळाला. जोखमीवर निकाल लागला असता तर पैसे न मिळताच त्यांचा माल गेला असता.

बँकेचं तारण तर तिथे टिकतच नाही. 'ओडेसा' या जर्मन जहाजावरच्या सोऱ्यावर लंडनच्या एका पेढीचा तारणहक्क होता, तरी माल शत्रूचा ठरून जप्त झाला. मला हा नियम कठोर वाटतो. पैसा ब्रिटिशांचाच अडकला होता. पण तारणदारांचे दावे ऐकत बसलं तर शत्रूचा कुठलाच माल हाती लागणार नाही, हा कोर्टाचा विचार समजण्यासारखा आहे.

तटस्थ देशाच्या व्यापाऱ्याला 1856 च्या पॅरिस जाहीरनाम्याचा आधार आहे: युद्धोपयोगी निषिद्ध माल वगळता, शत्रूच्या जहाजावरही त्याचा माल पकडता येत नाही. पण मालक आपणच, हे कागदाने सिद्ध करावं लागतं. आयातदाराचं याच्या उलट: विक्रेता युद्धात उतरलेल्या देशातला असेल आणि मालकी अजून त्याच्याकडेच असेल, तर आपण मागवलेली डाळ त्याची म्हणून जप्त होऊ शकते.

आपल्याकडेही 1971 चा नौदल व विमान प्राइज कायदा आहे. म्हणून सौदा करताना मालकी नेमकी कधी बदलेल, याचं कलम करारात स्वतंत्रपणे लिहून घ्या. विम्यातही वॉर क्लॉज (युद्धातल्या नुकसानीचं कलम) वेगळा मागावा लागतो, कारण साध्या मरीन पॉलिसीत (सागरी विम्यात) युद्धातली धरपकड वगळलेली असते.