ख्मेर भाषेतील कोरियन मालिका

दक्षिण कोरियाच्या दूरचित्रवाणी मालिका ख्मेर, म्हणजे कंबोडियाच्या भाषेतल्या, आवाजात किंवा ख्मेर उपशीर्षकांसह पाहण्याची कंबोडियातील प्रथा. तिथल्या बोलण्यात अशी मालिका म्हणजे ‘रोऊंग कोरे’, कोरियाची गोष्ट. डब केलेली असेल तर पुढे ‘नियाय ख्मेर’, म्हणजे ‘ख्मेर बोलणारी’, असे जोडतात.

परक्या पडद्याला आपला आवाज देण्याची सवय इथे जुनीच. हिंदी चित्रपटही कंबोडियाने असेच पाहिले. ख्मेर रूज या कट्टर साम्यवादी गटाच्या राजवटीत (१९७५–१९७९) देशाचा चित्रपटव्यवसाय नष्ट झाला, कितीतरी कलावंत मारले गेले, शाळा बंद पडल्या. पुढे १९९०च्या दशकात थाई मालिकांची चलती होती. कंबोडियाचे प्राचीन मंदिर अंगकोर वाट थायलंडचे आहे असे एक थाई अभिनेत्री म्हणाली, अशी अफवा जानेवारी २००३ मध्ये उठली, राजधानी फ्नोम पेन्हमध्ये दंगल झाली, थाई दूतावास जाळला गेला आणि थाई मालिका वाहिन्यांवरून गेल्या. ती जागा चिनी आणि कोरियन मालिकांनी भरून काढली.

डबिंगचे खरे कसब संबोधनांत आहे. कोरियन होकार ‘ने’ बाई-पुरुष दोघांना चालतो. ख्मेरमध्ये बाई ‘चाह’ म्हणते, पुरुष ‘बात’. कोरियन मालिकांत मुलाचा वेश घेतलेली नायिका वारंवार भेटते. तिने चारचौघांत काय म्हणायचे आणि एकटीने आरशासमोर काय, हे संवाद लिहिणाऱ्यालाच ठरवावे लागते. ‘ओप्पा’चे, म्हणजे कोरियन बाई थोरल्या भावाला किंवा प्रियकराला मारते त्या हाकेचे, मात्र सहज ‘बोंग’ होते: थोरल्या भावंडाला, प्रियकराला आणि नवऱ्याला ख्मेर बाई याच शब्दाने हाक मारते. राजवाड्यातल्या गोष्टींत राजघराण्यासाठी राखलेले वेगळे शब्द वापरावे लागतात. घरातली माणसे ‘न्याम’ करतात, भिक्षू ‘छान’ करतात, राजा ‘साओय’ करतो. तिन्हींचा अर्थ जेवणे. असा अचूक शब्द कानावर पडला की गोष्ट परकी राहत नाही, आणि डबिंगला दुय्यम काम मानणाऱ्यांच्या हे लक्षातच येत नाही. ख्मेरमधले प्रेमासाठीचे ‘स्नेहा’ मराठी वाचकाला ओळखीचे वाटेल. आपल्या ‘स्नेहा’चाच तो संस्कृत शब्द तिथे शृंगाराकडे वळला आहे.

उपशीर्षके वाचणे त्यामानाने कष्टाचे. ख्मेर लिपीत शब्दांमध्ये जागा सोडत नाहीत, जोडाक्षरातले दुसरे व्यंजन पहिल्याच्या खाली ‘चंग’, म्हणजे पाय, होऊन बसते, आणि फोनच्या पडद्यावर ते पाय एकमेकांत मिसळतात. ज्यांची शाळाच बुडाली त्या पिढीला तर आवाजाचाच आधार. उलट तरुणांना उपशीर्षकांमुळे मूळ कोरियन ऐकायला मिळते, आणि त्याला व्यवहारी महत्त्व आहे: दक्षिण कोरियाच्या सरकारी रोजगार परवाना योजनेतून तिथे कामाला जाण्यासाठी कोरियन भाषेची परीक्षा द्यावी लागते. ती देऊन गेलेल्यांपैकी अनेकांच्या वाट्याला मालिकेतले सोल शहर येत नाही. ते प्लास्टिकच्या हरितगृहांत भाजी काढतात.