टाकी फुल्ल केली म्हणून गाडी पेटत नाही

मार्च सरला की खानदेशात तो मेसेज पुन्हा फिरू लागतो: ऊन वाढलंय, टाकी फुल्ल करू नका, स्फोट होईल, अर्धीच भरा. खाली इंडियन ऑइलचं नाव. कंपनीने असं काही सांगितलेलं नाही. उलट, उन्हाळा असो की हिवाळा, गाडी बनवणाऱ्याने ठरवलेल्या मर्यादेपर्यंत टाकी भरणं सुरक्षित आहे, असा खुलासा तिनेच केलाय.

जळगाव-भुसावळचा पारा ४५ च्या पुढे जातो, हे खरं. पण डिझेल आपोआप पेटायला साधारण २१० अंश लागतात, पेट्रोलला त्याहून जास्त.

राहिला प्रश्न फुगण्याचा. पंपाच्या जमिनीखालच्या टाकीतलं गार डिझेल गाडीत तापतं, फुगतं. पण किती? ४० लिटर डिझेल २० अंशांनी तापलं, तर वाढ जेमतेम पाऊण लिटर. तेवढी जागा टाकीत वर सोडलेलीच असते. नोझल ‘टक्’ करून बंद पडलं की थांबायचं, एवढंच. त्यानंतर गाडी हलवून हलवून गळ्यापर्यंत भरायची काहींना खोड असते. ती मात्र वाईट, कारण ती हीच जागा खाते.

आणि अर्ध्या टाकीचा हिशेब? रावेरहून केळी भरून मुंबईला निघालेली पिकअप घ्या. टाकी ४० लिटरची आणि ॲव्हरेज १२ धरलं, तर अर्ध्या टाकीत २४० किलोमीटर. म्हणजे नाशिक यायच्या आतच पंप शोधा, रांगेत लागा, आणि तोवर माल उन्हात.