गॉसिपचं गोत्र

रविवारच्या पेपरची सिनेमाची पुरवणी उघडा. एका पानावर कुणी नवी नटी सांगत असते, "इंडस्ट्रीत माझा कुणी गॉडफादर नव्हता." शेजारच्या चौकटीत गॉसिप. खाली पुरस्कार सोहळ्याची बातमी, त्यात कंपेअरिंग कुणी केलं आणि त्याचे विनोद कसे पडले याची नोंद. गॉडफादर, गॉसिप, कंपेअर. हे तिन्ही शब्द मुळात एकाच घरातल्या नात्यांची नावं आहेत. ते घर रक्ताचं नाही, लग्नाचंही नाही. ते बाप्तिस्म्याच्या पाण्याचं आहे.

हे सगळं सुचायला कारण झाला आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर आलेला एक फॉरवर्ड. म्हणे पूर्वी इंग्लंडातले पुढारी आपल्या माणसांना गुत्त्यात पाठवायचे, "जा, घोट घोट घेत बस आणि लोक काय बोलतात ते ऐकून ये" असं सांगून. 'गो' अधिक 'सिप' बरोबर 'गॉसिप'. खाली सतरा अंगठे. ही व्युत्पत्ती साफ खोटी आहे. गॉसिपचं जुनं रूप 'गॉडसिब'. ते यॉर्कचा आर्चबिशप वुल्फस्टन याच्या 1014 च्या सुमाराच्या एका प्रवचनात सापडतं. डेन लोकांच्या स्वाऱ्यांनी इंग्लंड हैराण झालं होतं आणि हा धर्मगुरू आपल्याच लोकांना झापत होता, की या देशात लोकांनी आपले गॉडसिब आणि धर्मपुत्र मारून टाकले. 'सिब' म्हणजे आप्त; 'सिब्लिंग'मधला सिब तोच. गॉडसिब म्हणजे देवाच्या साक्षीनं झालेला आप्त. त्या प्रवचनात चहाटळपणाचा मागमूस नाही. नात्यातल्या माणसाच्या खुनाचं पाप आहे.

आता बाप्तिस्म्याकडे. मुलाच्या डोक्यावर पाणी घालताना त्याच्या वतीनं श्रद्धेची कबुली द्यायला, त्याला पाण्यावरून उचलून घ्यायला कुणीतरी मोठं माणूस लागतं. तो धर्मपिता, ती धर्ममाता. आपल्याला एवढंच माहीत असतं, कारण 'गॉडफादर' या इंग्रजी शब्दाला एवढंच दिसतं: एका टोकाला मोठं माणूस, दुसऱ्या टोकाला मूल. सिनेमानं त्याचा डॉन केला आणि आपल्या पेपरांनी वशिला. पण या प्रथेतली खरी गंमत मुलाच्या नात्यात नाही. ती मोठ्यांच्या आपसातल्या नात्यात आहे.

सुरुवातीच्या शतकांत बरेचदा आईबापच आपल्या मुलाला पाण्यावर धरत. मग 813 साली, फ्रँक सम्राट शार्लमेनच्या राज्यात, आजच्या जर्मनीतल्या माइन्झच्या धर्मसभेनं नियम केला की आपल्याच मुलाचा धर्मपिता होता येणार नाही. नियम एका ओळीचा, पण त्यानं घराची भिंत फोडली. आता दर मुलामागे बाहेरचं माणूस आणणं भाग झालं. बाहेरचा माणूस मुलाचा दुसरा बाप झाला, तर तो पहिल्या बापाचा कोण? लॅटिनमध्ये उत्तर तयार होतं: 'कॉम्पातेर', म्हणजे सह-पिता. आणि 'कॉम्मातेर', सह-माता.

मराठी वाचकाला हे पटकन समजावं, कारण आपल्याकडे व्याही आहे. व्याही हा माझा कोण? रक्ताचा नाही, मी त्याच्याशी लग्न लावलेलं नाही. त्याच्या मुलीचं माझ्या मुलाशी लग्न झालं म्हणून आम्ही दोन म्हातारे एकमेकांना 'व्याही' म्हणतो, मानपान करतो, रुसतो. इंग्रजीत या नात्याला धड शब्द नाही, 'माझ्या सुनेचे वडील' असं फोडून सांगावं लागतं. कॉम्पातेर हा तसाच: मुलांवरून मोठ्यांनी जोडलेला. फरक एवढाच की व्याह्यांना दोन मुलं लागतात, कॉम्पातेरांना एक पुरतं.

मानववंशशास्त्रज्ञ कुटुंबाचे नकाशे काढतात. त्रिकोण म्हणजे पुरुष, वर्तुळ म्हणजे बाई, बरोबरची खूण म्हणजे लग्न, खाली सोडलेली रेघ म्हणजे मूल. या नकाशात नवरा-बायको आडव्या रेघेवर आणि आई-मूल उभ्या रेघेवर बसतात. धर्मपित्यापासून मुलाकडे एक उभी, तिरपी रेघ आली की ती तिथं थांबत नाही. ती मुलावर आपटून वर उसळते आणि मुलाच्या बापाकडे आडवी होऊन पोचते. उभ्या नात्यातून आडवं नातं तयार होतं. आपल्याकडे हे का झालं नाही? बारशाला नाव ठेवते ती आत्या. ती बाळाच्या कानात कुर्र करते, हक्काची साडी घेते. पण ती आधीच घरची आहे. बापाची बहीण होतीच, नंतरही बहीणच राहिली. विधी झाला, मान मिळाला, नवं नातं जन्मलं नाही, म्हणून नवा शब्दही लागला नाही. शब्द लागतो तो दाराबाहेरचा माणूस आत येतो तेव्हा.

आणि एकदा आत आला की तो खरोखरच आतला. किती, ते लग्नाच्या नियमांवरून कळतं. 530 साली पूर्व रोमन सम्राट जस्टिनियननं धर्मपिता आणि धर्मकन्या यांच्या लग्नावर बंदी घातली. 692 च्या कॉन्स्टँटिनोपलच्या धर्मसभेनं पुढे जाऊन सांगितलं की हे आत्म्याचं नातं देहाच्या नात्याहून मोठं आहे, म्हणून धर्मपित्यानं मुलाच्या विधवा आईशीही लग्न करू नये. सहपिता आणि सहमाता, म्हणजे जणू भाऊबहीणच.

यातून पळवाट निघाली नसती तरच नवल. नवऱ्याला कंटाळलेल्या बाईनं काय करावं? बाप्तिस्म्यानंतर बिशप श्रद्धा पक्की करतो त्या दृढीकरणाच्या विधीत आपल्याच मुलाला आपणच धरावं. झालं, ती नवऱ्याची सहमाता झाली, सहमातेशी संसार निषिद्ध, सुटका! हे मी रंगवून सांगत नाही. त्याच 813 साली आजच्या फ्रान्समधल्या शालोंच्या धर्मसभेला खास नियम करावा लागला, की अशा बायकांनी प्रायश्चित्त घ्यावं आणि नवऱ्याबरोबरच राहावं. फ्रँक राजा चिल्पेरिकची दंतकथा तर मालिकेत शोभावी अशी. राजा लढाईवर, राणी ऑडोवेरा बाळंत. फ्रेडेगुंड नावाची दासी तिला म्हणते, धर्ममाता यायला उशीर होतोय, तुम्हीच धरा ना. राणी भोळी, तिनं धरलं. राजा परतल्यावर फ्रेडेगुंडनं हळूच विचारलं, "महाराज आज कुणापाशी निजणार? राणीसाहेब तर आता आपल्या सहमाता." राणीची रवानगी मठात, फ्रेडेगुंड गादीवर. चिल्पेरिक सहाव्या शतकातला, कथा लिहिली गेली आठव्यात, आणि सहाव्या शतकात सहमातेबद्दलचा हा नियमच नव्हता. म्हणजे कथा इतिहास म्हणून बाद. पण आठव्या शतकातल्या वाचकाला ती लगेच कळत होती, आणि माझ्या दृष्टीनं तो पुरावा जास्त मोलाचा.

इथे जरा आडवाटेला जातो. 'गोत्र म्हणजे वाय गुणसूत्र, ऋषींना जनुकशास्त्र ठाऊक होतं म्हणून सगोत्र विवाह निषिद्ध' हा फॉरवर्डही तुम्हाला आला असेलच. लग्नाच्या बंदीमागे जनुकं असायलाच हवीत असं धरलं, तर धर्मपित्याच्या बंदीमागे कुठलं गुणसूत्र होतं? पाण्याचं? शिवाय दोनशे कोसांवरच्या सगोत्र अनोळखी मुलीशी माझं जवळचं रक्त बहुधा काहीच नसतं, आणि मामाच्या मुलीशी सरासरी साडेबारा टक्के जनुकं समान असतात. तरी पहिलं निषिद्ध आणि दुसरं आपल्याकडच्या कितीतरी जातींत हौसेनं होणारं. कुणाला आतलं मानायचं याचे हे नियम आहेत, प्रयोगशाळेचे नव्हेत. सगोत्र विवाहाला कायद्यानं 1946 मध्ये मोकळीक दिली. रोमन चर्चनं धर्मपित्याबरोबरच्या लग्नाची अडचण आपल्या कायद्यातून काढली ती 1983 मध्ये.

परत शब्दांकडे, कारण माझा जीव तिथे अडकलाय. लॅटिन 'पातेर' आणि आपला 'पितृ' सख्खे भाऊ आहेत, हे शाळेत ऐकलेलं असेल. ('कॉम' म्हणजे आपलं 'सम्' असंही कुणी सांगेल, ते मात्र चूक, दोघांची मुळं वेगळी.) लॅटिनमधलं 'त्र' स्पेनमध्ये मऊ होऊन 'द्र' झालं: पात्रेम् वरून पाद्रे. फ्रान्समध्ये ते आणखी झिजलं, मधलं व्यंजन गळालं, उरलं 'पेर'. हे विचित्र वाटत असेल तर आपल्या तोंडाकडे बघा: पादचा पाय, माताची माय, भ्राताचा भाऊ. दोन स्वरांच्या कचाट्यात सापडलेला त किंवा द बिचारा टिकत नाही. तेव्हा स्पॅनिशमध्ये कोम्पाद्रे-कोमाद्रे, फ्रेंचमध्ये कोंपेर-कोमेर, इटालियनमध्ये कोम्पारे-कोमारे. जर्मनांनी शब्द न घेता त्याचे भाग भाषांतरित केले: 'गे' म्हणजे सह, 'फाटर' म्हणजे बाप, मिळून 'गेफाटर'. रशियन, सर्ब वगैरे स्लाव लोकांकडे शब्द पोचला आणि त्याचं नुसतं डोकंच उरलं, 'कूम' आणि 'कुमा', असं बहुतेक भाषाशास्त्रज्ञ मानतात. स्पॅनिश जहाजांबरोबर तोच शब्द फिलिपिन्सला गेला, कुम्पारे झाला, आणि तिथे रोजच्या बोलण्यात उलट शेपूट उरलं: 'पारे'. मनिलातला पोरगा मित्राला 'पारे' म्हणतो तसंच आपण 'अरे मित्रा' म्हणतो. कूम आणि पारे शेजारी ठेवले तर एक अक्षर जुळत नाही, आणि दोन्ही तुकडे एकाच शब्दाचे.

गोव्यात पोर्तुगीजांबरोबर 'पाद्रिन्यु' आणि 'माद्रिन्या', म्हणजे धर्मपिता आणि धर्ममाता, आले. गोव्यातल्या ख्रिस्ती घरांत आजही पाद्रीन, माद्रीन असतात. आपला 'पाद्री' त्याच 'पाद्रे'चा.

मग गॉडसिबचं गॉसिप कसं झालं? उत्तर बाळंतिणीच्या खोलीत आहे. सोळाव्या-सतराव्या शतकातल्या इंग्लंडात प्रसूतीच्या वेळी पुरुषांना दार बंद. आत सुईण, शेजारणी, मैत्रिणी, आणि त्यांतलीच कुणी उद्याची धर्ममाता. या सगळ्या बायकांना 'गॉसिप्स' म्हणू लागले. कळा तासन्‌तास चालत. शेगडी पेटलेली, गरम पेय फिरतंय, आणि बोलणं चालू. त्या दाराबाहेर ताटकळलेल्या पुरुषांना आत काय बोलतात हे ऐकू येत नव्हतं, आणि मला वाटतं शब्दाचा अर्थ तिथेच, दाराबाहेर बिघडला. आधी आप्त, मग जिवलग मैत्रीण, मग चुरूचुरू बोलणारी बाई. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला बाई गळाली आणि नुसतं बोलणं उरलं.

हा इंग्रजीचा एकटीचा अपघात म्हणावा तर फ्रेंचमध्ये कोमेर म्हणजे चहाटळ बाई आणि 'कोमेराज' म्हणजे कुचाळक्या. स्पॅनिशमध्ये 'कोमाद्रेआर' म्हणजे गप्पा कुटणं, आणि 'कोमाद्रोना' म्हणजे सुईण. वेगवेगळ्या भाषांत शब्द एकाच उतारावरून घसरला. आणि त्याच जोडीतला पुरुष? फ्रेंच कोंपेरचा आधी साथीदार झाला, मग रंगमंचावर कार्यक्रमाचे दुवे जोडणारा झाला, आणि इंग्रजीतून तो कंपेअर होऊन आपल्या पुरस्कार सोहळ्यात सूट घालून उभा राहिला. सहपित्याच्या हातात माईक, सहमातेच्या वाट्याला गॉसिपची चौकट. पुरवणी मिटवायच्या आधी एकदा बघून घ्या.

नात्याचा उपयोग काय, यावर सिडनी मिंट्झ आणि एरिक वुल्फ या अमेरिकी मानववंशशास्त्रज्ञांनी 1950 मध्ये एक गाजलेला निबंध लिहिला. कॅरिबियनमधल्या प्वेर्तो रिको बेटाच्या किनाऱ्यावर उसाच्या मळ्यातले मजूर एकमेकांनाच कोम्पाद्रे करत. डोंगरातल्या कॉफीच्या मुलखात छोटा शेतकरी वरच्या बड्या जमीनदाराला करू बघे. एकीकडे संप टिकवायला नातं, दुसरीकडे उचल मिळवायला. मेक्सिकोत तर बाप्तिस्मा हे निमित्तच राहिलं. मुलीच्या पंधराव्या वाढदिवसाच्या केकला वेगळा पाद्रिनो, म्हणजे धर्मपिता, लग्नात वधूवरांभोवती घालायच्या दोरीला वेगळा. ज्यानं केकचे पैसे दिले तो नातेवाईक, हे ऐकून आपल्याकडच्या मंडळांचे खजिनदार खूश होतील. पण नात्याला सोसत नाही असंही काही असतं. अठराव्या शतकातल्या ब्राझीलमधल्या बाहियाच्या बाप्तिस्म्याच्या नोंदी गुडेमन आणि श्वार्ट्झ या अभ्यासकांनी चाळल्या. गुलामांच्या मुलांना धर्मपिते होते, त्यांत स्वतंत्र माणसंही होती. मात्र मालक स्वतःच्या गुलामाचा धर्मपिता जवळजवळ कधीच होत नसे. ज्याला विकायचंय, फटके मारायचेत, त्याला आत्म्याचा मुलगा कसं म्हणणार?

रशियनमध्ये कूमवरून 'कुमव्स्त्वो' झाला, अर्थ वशिलेबाजी. तिथून आपल्या नटीच्या 'गॉडफादर'पर्यंत वाट सरळ आहे. सर्बियात मात्र कूम हा शब्द अजून जड आहे. तुर्कांविरुद्ध 1804 चा उठाव करणारा काराजॉर्ज 1817 मध्ये परदेशातून चोरून परतला आणि आसऱ्याला गेला तो आपल्या कूमकडे, वुयित्सा वुलिचेविचकडे. प्रतिस्पर्धी मिलोश ओब्रेनोविचचा हुकूम आला आणि झोपेत काराजॉर्जचं मुंडकं उडवलं गेलं. पुढच्याच वर्षी वुयित्सानं वेलिका प्लानाजवळ ओकच्या लाकडाचं एक लहानसं चर्च बांधलं. ते अजून उभं आहे. लोक त्याला पोकाय्नित्सा म्हणतात, पश्चात्ताप करणारी.