रियांश

रियांश : मुलाचे आधुनिक भारतीय नाव. रेयांश, रीयांश ही त्याचीच रूपे. मराठी, गुजराती, हिंदी आणि तेलुगू भाषकांच्या घरांत, तसेच परदेशी स्थायिक झालेल्या भारतीय कुटुंबांत ते आढळते. एखादे पूर्वपद आणि ‘अंश’ हा संस्कृत शब्द यांच्या जोडणीतून ते तयार झाले आहे. उत्तरपदाबद्दल वाद नाही. पूर्वपद नेमके कोणते, याची मात्र एकाहून अधिक उत्तरे दिली जातात. पुराणांतील वंशावळी, विष्णुसहस्रनाम किंवा संतांच्या गाथा यांत हे नाव येत नाही. एकविसाव्या शतकात रूढ झालेल्या जोडनावांपैकी ते एक आहे.

नामसंग्रहांत त्याचे तीन अर्थ वारंवार दिलेले असतात : ‘विष्णूचा अंश’, ‘सूर्याचा पहिला किरण’ आणि ‘प्रकाशाचा भाग’. तिन्ही अर्थ एकाच वेळी खरे असणे कठीण आहे. ते कुठून आले हे मात्र बऱ्याच अंशी उलगडता येते.

‘अंश’ म्हणजे भाग, वाटा. ऋग्वेदात हे एका आदित्याचेही नाव आहे. दुसऱ्या मंडलातील सत्ताविसाव्या सूक्ताच्या पहिल्याच ऋचेत मित्र, अर्यमा, भग, वरुण आणि दक्ष यांच्यासोबत अंशाला आवाहन केले आहे. धर्मशास्त्रात वारसाला मिळणाऱ्या हिश्श्यालाही अंश म्हणतात. मुलाच्या नावाला या शब्दाने जे वजन येते ते मात्र भक्तिपरंपरेतून. भगवद्गीतेच्या पंधराव्या अध्यायात ‘ममैवांशो जीवलोके जीवभूतः सनातनः’ असे म्हटले आहे : जीव हा माझाच सनातन अंश. अंशावतार ही कल्पनाही त्याच अंगाची. देवाच्या नावापुढे ‘अंश’ जोडला की मूल त्या देवाचा अंश ठरते. शिवांश, रुद्रांश, देवांश ही नावे अशी घडली आणि त्यांचा अर्थ कोणालाही सांगावा लागत नाही.

मराठी माणसाच्या कानाला हा शेवट नावांच्या आधी शाळेत ओळखीचा झाला होता. अक्षांश, रेखांश, दशांश, सारांश हे सगळे शब्द त्याच सवर्णदीर्घ संधीने बनले आहेत. भूगोलाच्या पुस्तकातील रेखांश आणि पाळण्यातील रेयांश यांत एका अक्षराचाच फरक आहे, याची गंमत शिक्षकांना वाटल्यावाचून राहत नसावी.

किरणाचा अर्थ आला तो ‘अंशु’ या वेगळ्या शब्दावरून. अंशु म्हणजे किरण. हिमांशु आणि सुधांशु म्हणजे चंद्र, अंशुमाली म्हणजे सूर्य, आणि सगराचा नातू अंशुमान. गीतेच्या दहाव्या अध्यायातला ‘ज्योतिषां रविरंशुमान्’ हा चरणही याच शब्दाचा. बोलताना शेवटचा उकार सहज गळतो, त्यामुळे अंश आणि अंशु यांची सरमिसळ झाली आणि ‘अंश’ने संपणाऱ्या अनेक नावांना किरण चिकटले. रेयांशच्या बाबतीत आणखी एक योग जुळला : इंग्रजीत किरणाला ‘रे’ म्हणतात. इंग्रजी माध्यमात शिकलेल्या पालकांना ‘रे’ आणि ‘अंश’ मिळून प्रकाशकिरण हा अर्थ आपोआप सुचतो. अर्धे इंग्रजी आणि अर्धे संस्कृत असलेले हे नाव मग संस्कृत म्हणून पुढे जाते.

आता पूर्वपद. ‘रिया’ किंवा ‘रेय’ असा सर्वपरिचित शब्द संस्कृतात नाही. वेदांत ‘रयि’ म्हणजे संपत्ती असा शब्द आहे, त्याच अर्थाचा ‘रै’ आहे, आणि ‘रय’ म्हणजे वेग किंवा प्रवाह. रियांशचा अर्थ ‘संपत्तीचा वाटा’ असा लावण्याचा मोह त्यामुळे होऊ शकतो, पण व्याकरण आडवे येते. ‘रयि’ आणि ‘अंश’ यांचा संधी पाणिनीच्या ‘इको यणचि’ या सूत्राने ‘रय्यंश’ होईल. ‘रै’ घेतला तर ‘रायंश’. ‘रय’ घेतला तर ‘रयांश’. यांपैकी कोणतेही रूप रियांश होत नाही. ‘रिया’ हेच पूर्वपद धरले तर ‘अकः सवर्णे दीर्घः’ या सूत्राप्रमाणे आ आणि अ यांचा दीर्घ आ होऊन रियांश बिनचूक तयार होते. नियम पाणिनीचा पाळला जातो, शब्द मात्र त्याच्या ओळखीचा नाही.

रिया हे मुलीचे नाव म्हणून भारतात रियांशच्या आधीपासून रुळलेले आहे. डच आणि जर्मन भाषांत ते मारियाचे लघुरूप म्हणून वापरतात. अरबी आणि उर्दूत ‘रिया’ म्हणजे दिखाऊपणा, ढोंग. म्हणूनच उर्दूत ढोंगी माणसाला रियाकार म्हणतात. नाव ठेवणाऱ्यांच्या मनात यांतले काही नसते.

आणखी एक वाट संभवते आणि ती अधिक पटणारी आहे. श्रियांश आणि प्रियांश ही नावेही चलनात आहेत. श्री म्हणजे लक्ष्मी, आणि विष्णू हा ‘श्रियः पती’. श्रियांश या नावातून विष्णूपर्यंत पोहोचायला फार वळसा पडत नाही. अशा नावांतील पहिले जोडाक्षर सुटे झाले की रियांश उरते. ‘विष्णूचा अंश’ हा अर्थ श्रियांशकडून रियांशकडे आला असे मानले, तर त्या अर्थाचा निदान पत्ता तरी लागतो. मात्र हे अनुमान आहे.

श्रेयांस या नावाचा येथे नेहमी घोटाळा होतो. ते या कुळातले नाही. ‘श्रेयस्’ म्हणजे अधिक चांगले, कल्याणकारी. त्याच्या रूपावळीत ‘श्रेयांस’ येते, आणि त्यात अंश कोठेही नाही. श्रेयांसनाथ हे जैनांचे अकरावे तीर्थंकर. सारनाथजवळची सिंहपुरी ही त्यांची जन्मभूमी मानतात. ऋषभदेवांना उसाचा रस देऊन त्यांचे पारणे फेडणारा हस्तिनापूरचा राजपुत्रही श्रेयांस, आणि जैन परंपरेत अक्षय्य तृतीयेचे महत्त्व त्या प्रसंगाशी जोडलेले आहे. हे नाव शेवटी ‘स’ घालून लिहायचे. अलीकडे ते सर्रास ‘श्रेयांश’ असे लिहिले जाते, ते रियांश आणि दिव्यांश यांच्या संगतीचा परिणाम म्हणून.

अर्थापेक्षा अक्षर आधी येते, हे अशा नावांच्या निर्मितीचे खरे कारण आहे. मूल जन्मले की पंचांगावरून नक्षत्र आणि चरण पाहून आद्याक्षर काढतात. नक्षत्राच्या प्रत्येक चरणाचे आद्याक्षर देणाऱ्या अवकहडा चक्रात चित्रा नक्षत्राची अक्षरे पे, पो, रा, री आणि स्वातीची रू, रे, रो, ता अशी आहेत. म्हणजे ‘री’ चित्राच्या चौथ्या चरणाचे अक्षर आणि ‘रे’ स्वातीच्या दुसऱ्या चरणाचे. दोन्हींची रास तूळ. ‘रा’ आले तर राम, राघव, राजेंद्र असा मोठा साठा हाताशी असतो. ‘री’ आणि ‘रे’ यांनी सुरू होणारी मुलांची जुनी नावे थोडी आहेत. तेव्हा दिलेल्या अक्षराला ‘यांश’ जोडून नाव पुरे करणे हा सोपा मार्ग ठरतो. कियांश, अव्यांश, विवांश, अयांश ही नावे शेजारी ठेवली की कृती दिसते : शेवट ठरलेला, पहिले अक्षर पंचांगाने किंवा आवडीने द्यायचे. ‘अंश’ येथे शब्द न राहता प्रत्ययासारखा वापरला जातो.

दुसरा उगम आईवडिलांच्या नावांतला. आई रिया आणि वडील अंशुमान असतील तर रियांश जुळून येते. आईच्या नावातले ‘रि’ आणि वडिलांच्या नावाचा शेवट घेऊनही जोडणी केली जाते. थोरल्या बहिणीचे नाव रिया म्हणून धाकट्याचे रियांश, असाही प्रकार असतो. मराठीत जोडनावे नवी नाहीत. सीताराम, उमाशंकर, हरिहर, रामकृष्ण ही सगळी जोडनावेच, पण त्यांत दोन्ही नावे अखंड राहतात आणि दोन्ही देवांची असतात. नावांचे तुकडे करून सांधणे ही नंतरची गोष्ट. केरळमध्ये आईवडिलांच्या नावांतली अक्षरे घेऊन मुलांची नावे घडवण्याची प्रथा चांगली रुजलेली आहे. भारताबाहेरही हा खेळ चालतो. फिलिपिन्सचे २०१० ते २०१६ या काळातील उपाध्यक्ष जेजोमार बिनाय यांच्या नावात जीझस, जोसेफ आणि मेरी एकत्र आले आहेत, तर सोव्हिएत काळात व्लादिमीर लेनिन यावरून मुलांना ‘व्लादिलेन’ हे नाव देत असत.

घरगुती संस्कारांचे नियम सांगणाऱ्या गृह्यसूत्रांच्या कसोटीवर रियांश लावून पाहण्यासारखे आहे. पारस्कर गृह्यसूत्र सांगते की मुलाचे नाव दोन किंवा चार अक्षरांचे असावे, त्याचे पहिले अक्षर घोष (उच्चारताना कंठात नाद होणाऱ्या) वर्णाचे असावे, मध्ये अंतःस्थ (य, र, ल, व यांपैकी एक) असावा. रियांशमधला ‘र’ घोष आहे, मधला ‘य’ अंतःस्थ आहे. इथपर्यंत नाव उत्तीर्ण. अक्षरे मात्र रि, यां, श अशी तीन भरतात, आणि विषम अक्षरांचे नाव याच सूत्रात मुलीसाठी सांगितले आहे. मराठीत शेवटचा अकार उच्चारत नाहीत, त्यामुळे बोलताना ‘रि-यांश्’ अशी दोनच अक्षरे ऐकू येतात, आणि एखाद्या समजूतदार गुरुजींना तेवढे पुरते.

बारशाच्या विधीत असल्या नावाने फारसा फरक पडत नाही. बाराव्या दिवशी किंवा सोयीच्या दिवशी बाळाला पाळण्यात घालतात, ‘कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या’ म्हणत पाळण्याखालून-वरून बाळाची देवघेव होते, आत्या कानात ‘कुर्रर्र’ करून नाव सांगते आणि तिच्या पाठीत धपाटे बसतात. कानात एकच नाव सांगतात असेही नाही. कुलदैवताचे, आजोबांचे आणि पत्रिकेप्रमाणे आलेले नावरस नाव आधी घेतले जाते. रियांश हे व्यवहाराचे नाव बहुधा शेवटी येते. जुने आणि नवे दोन्ही एकाच पाळण्यात सामावण्याची ही सोय असल्याने घरात या नावावरून होणारा वाद सहसा बारशापर्यंत मिटलेला असतो.

‘या नावाला अर्थच काय?’ हा तो वाद. आक्षेप घेणाऱ्यांची बाजू अगदीच लंगडी नाही, कारण सांगितले जाणारे अर्थ खरोखरच मागाहून बसवलेले आहेत. रियांशच्या पिढीतलेच ‘आरव’ पाहावे : नामसंग्रह त्याचा अर्थ ‘शांत’ असा देतात, आणि संस्कृतात आरव म्हणजे आवाज, गलका. तरीही मराठी नावांना पूर्वी नेहमी सुंदर अर्थ असे, हेही खरे नाही. धोंडो, दगडू, केरबा, भिकाजी ही नावे आधीची मुले दगावलेल्या घरांत दृष्ट लागू नये म्हणून ठेवली जात. तेथे अर्थ हवा होता तो मुलाला क्षुद्र ठरवणारा. नावाने काय साधायचे हे बदलले. आज ते कानाला गोड लागावे, वर्गात दुसऱ्याचे नसावे आणि परदेशातही उच्चारता यावे, एवढी अपेक्षा असते. ध्वनीने निवडलेल्या नावाला अर्थाची पुस्ती जोडण्याची घाई मात्र अनावश्यक आहे.

उच्चार : मराठीत श, स, ह यांच्या आधीचा अनुस्वार अनुनासिक ‘व’कडे झुकतो. संशय, वंश, सिंह या शब्दांतल्याप्रमाणे रियांशचा उच्चारही ‘रियांव्‌श’ असा होतो. हिंदीभाषक ‘रियान्श’ म्हणतात. रोमन लिपीत ‘एन’ लिहावाच लागत असल्याने शहरी मराठी घरांतही दुसरा उच्चार ऐकू येतो. विभक्ती लावताना नाव बदलत नाही. रामाला, गोविंदाने अशी सामान्यरूपे जुन्या नावांना होतात, पण प्रकाशला म्हणतो तसे रियांशला, रियांशने, रियांशचा असेच म्हणतात. मित्रमंडळींत प्रकाशचा पक्या आणि सचिनचा सच्या होतो. त्याच धर्तीवर रियांश मोडायला गेले तर हाती ‘रिया’ येते, म्हणून घरी अंशू किंवा रियू यावर भागवले जाते.

लेखनात गोंधळ अधिक आहे. देवनागरीत रियांश, रीयांश, रेयांश ही तीन रूपे, आणि रोमन लिपीत ‘आय’ की ‘ई’, ‘वाय’ घालायचा की नाही, ‘ए’ एक की दोन, यांनुसार आणखी कितीतरी. अंकशास्त्रावर विश्वास असलेले पालक बेरीज जुळवण्यासाठी एखादे अक्षर वाढवतात. जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ नुसार नावाशिवायही जन्माची नोंद करता येते. नाव पुढे बारा महिन्यांच्या आत विनाशुल्क आणि त्यानंतर पंधरा वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून घालता येते. जन्मदाखल्यावर एक वर्णलेखन आणि आधारवर दुसरे, असे झाले की शाळाप्रवेश आणि पारपत्राच्या वेळी दुरुस्तीची धावपळ होते. मोठेपणी नाव बदलायचे तर राजपत्रात प्रसिद्धी द्यावी लागते. महाराष्ट्रात १ मे २०२४ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्यांसाठी शासकीय कागदपत्रांवर बालकाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव आणि आडनाव असा क्रम ठरवण्यात आला आहे. आईवडिलांच्या नावांतून जुळवलेले रियांश असेल, तर त्या दोघांची नावे आता त्याच्या पुढे सबंधही लिहिली जातात.

या नावाचे स्त्रीलिंगी रूप रियांशी. शिवांशी, देवांशी, दिव्यांशी यांच्याप्रमाणेच ते चालते.