बाबा फरीद

बाबा फरीद (सु. ११७३–सु. १२६५) : चिश्ती परंपरेतील थोर सूफी संत व पंजाबीचे आद्य कवी. पूर्ण नाव फरीदुद्दीन मसऊद. ‘गंजशकर’ (साखरेचा ठेवा) हे त्यांचे लोकप्रिय बिरुद. मुलतानजवळील कोठेवाल हे त्यांचे जन्मगाव. मुलतानला शिकत असताना कुतुबुद्दीन बख्तियार काकी यांची भेट झाली आणि फरीदांनी त्यांचे शिष्यत्व पत्करले. गुरूंच्या निधनानंतर (१२३५) दिल्लीत गादी चालवणे शक्य असूनही राजधानीचा गजबजाट टाळून ते आधी हांसीला आणि पुढे सतलजकाठच्या अजोधनला (सध्याचे पाकपट्टण, पाकिस्तान) गेले व अखेरपर्यंत तेथेच राहिले.

अजोधनच्या त्यांच्या जमातखान्यात (शिष्यांसह राहण्याच्या मठात) दारिद्र्य नित्याचे होते. शिष्य रानफळे वेचून उकडत, गावात झोळी फिरवत. मात्र दार रात्री उशिरापर्यंत उघडे असे आणि तेथे योगीही चर्चेला येत. कोणी कात्री भेट दिली, तेव्हा ‘मला सुई द्या, मी कापत नाही, शिवतो’ असे ते म्हणाल्याची आठवण सांगतात. त्यांच्या शिकवणुकीचे इतके नेमके वर्णन दुसरे सापडणार नाही.

गुरू अर्जनदेवांनी १६०४ मध्ये सिद्ध केलेल्या शिखांच्या आदिग्रंथात फरीदांच्या नावे ११२ श्लोक व ४ शबद (गेय पदे) आहेत. हे काव्य फरीदांच्या परंपरेतील बाराव्या गादीवरील शेख इब्राहीम यांचे असावे, असे मत पूर्वी मांडले गेले. आज मात्र पुष्कळ अभ्यासक ते मूळ फरीदांचेच मानतात. नदीकाठचा बगळा, लाकडाची भाकरी अशा साध्या प्रतिमांतून ते मृत्यू आणि विरह यांविषयी बोलतात. मातीला नावे ठेवू नका, जिवंतपणी ती पायांखाली असते आणि मेल्यावर आपल्या अंगावर येते, हा त्यांचा श्लोक पंजाबात घरोघरी ठाऊक आहे. काही श्लोकांना शीख गुरूंनी स्वतःचे श्लोक जोडून उत्तर दिले आहे. दोन धर्मांमधला असा संवाद एका धर्मग्रंथातच जपला जावा, ही विरळा गोष्ट होय. त्याच ग्रंथात संत नामदेवांची पदेही आहेत.

पाकपट्टणच्या दर्ग्यात मुहर्रममध्ये त्यांचा उरूस भरतो. दिल्लीचे निजामुद्दीन औलिया हे त्यांचे शिष्य. निजामुद्दीनांचे शिष्य बुऱ्हाणुद्दीन गरीब यांनी ही परंपरा दख्खनेत आणली. १३३७ मध्ये त्यांचे निधन झाले आणि खुलदाबादला त्यांचा दर्गा आहे.