मराठी कादंबरीतली निराशा मुंबईत कधी राहायला आली?

‘जगायचं कशासाठी?’ असं विचारणाऱ्या मराठी कादंबऱ्यांवर बोलणं निघालं की सुरुवात भालचंद्र नेमाड्यांच्या ‘कोसला’पासून (१९६३) होते आणि दुसऱ्याच वाक्यात फ्रेंच लेखक काम्यू हजर होतो. ही जोडी वर्गात इतकी घोटली गेली आहे, की निराशा नावाचा माल १९६३ साली बोटीने फ्रान्सहून आला असं वाटावं. खरं तर हा प्रश्न मराठी कादंबरीला जन्मापासूनच चिकटला आहे. फक्त आधी तो ज्यांच्या वाट्याला आला त्या बायका होत्या, आणि त्यावर चिंतन करत बसायची सवड त्यांना नव्हती.

बाबा पदमनजींची ‘यमुनापर्यटन’ १८५७ची. विधवांच्या पुनर्विवाहाला मान्यता देणारा कायदा आदल्याच वर्षी झाला होता. यमुना नवऱ्याबरोबर गावोगाव फिरते आणि जाईल तिथे तिला विधवांची दैना दिसते. पदमनजींनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला होता, पुस्तकाचा हेतूही लपत नाही. कादंबरी म्हणून ते आज वाचवत नाही असं कुणी म्हटलं तर वाद घालण्यात अर्थ नाही. पण मराठी कादंबरीचं पहिलं पाऊल पडलं ते अशा माणसांच्या दारात, ज्यांना मरेपर्यंत फक्त दिवस काढायचे होते.

ह. ना. आपट्यांची ‘पण लक्षात कोण घेतो?’ १८९० पासून ‘करमणूक’ साप्ताहिकात क्रमशः येऊ लागली. इथे यमू स्वतःच बोलते. तिच्या आयुष्यातला मोकळा काळ कोणता, तर नवऱ्याबरोबर मुंबईत बिऱ्हाड केलं तो. वाचायला मिळतं, मैत्रिणी मिळतात, नवरा-बायकोला एकमेकांशी बोलता येतं. पुढे नवरा, रघुनाथराव, मरण पावतो, यमूला पुण्याला परतावं लागतं, तिथे जबरदस्तीने तिचं केशवपन होतं, आणि त्यानंतर ती फार दिवस जगत नाही. तिच्या मरणाला लेखक आत्महत्या म्हणत नाही. पण जगायची इच्छा कुणी कशी काढून घेतं याचं इतकं तपशीलवार वर्णन नंतरच्या कितीतरी ‘अस्तित्ववादी’ म्हणवणाऱ्या पुस्तकांत सापडत नाही. आणि मुंबई इथे श्वास घेण्याची जागा आहे, हे ध्यानात ठेवलं पाहिजे. मुंबईचं हे रूप पुढे पार उलटलं.

वामन मल्हार जोश्यांनी ‘रागिणी’पासून (१९१५) कादंबरीत तत्त्वचर्चा आणली आणि ‘सुशीलेचा देव’मध्ये (१९३०) देव म्हणजे काय, हे एका बाईच्या बदलत जाणाऱ्या समजुतीतून तपासलं. माणसं फार बोलतात त्यात. पण अर्थाचा शोध हा कादंबरीचा विषय होऊ शकतो, ही परवानगी तिथून मिळाली.

खरी कलाटणी मात्र ‘रणांगण’ची, १९३९ची. विश्राम बेडेकरांचा चक्रधर विध्वंस युरोपातून बोटीने परततो आहे. त्याच बोटीवर हॅर्टा आहे, नाझी जर्मनीतून परागंदा झालेली ज्यू तरुणी. दोघं प्रेमात पडतात. मुंबईला तो उतरतो. तिला उतरता येत नाही, तिची बोट पूर्वेकडे निघते. पुढच्या प्रवासात ती जीव देते. तो मागे राहतो, तिची पत्रं आणि स्वतःचा दुबळेपणा चाळत. यमू आणि हॅर्टा शेजारी ठेवून बघा: मरते ती बाई, आणि त्यानंतर विचार करत बसतो तो पुरुष. मराठी कादंबरीने ही वाटणी पुढेही बराच काळ मोडली नाही.

१९४२ साली मर्ढेकरांची ‘रात्रीचा दिवस’ आली. काम्यूचा ‘परका’ पॅरिसमध्ये छापला गेला तोही त्याच वर्षी, म्हणजे इथे उसनवारीचा प्रश्नच नव्हता. मर्ढेकरांनी मनातल्या विचारांचा अखंड ओघ पानावर आणायचा प्रयत्न केला. कादंबरी म्हणून तो पुरता साधला नाही असं माझं मत आहे. त्यांना जे म्हणायचं होतं ते १९४७च्या ‘काही कविता’मध्ये, मेलेल्या उंदरांच्या पिंपाच्या कवितेत जास्त नेमकं उतरलं. तरी निराशेचं कारण सासर, रूढी, सरकार असं बाहेर न शोधता ती आतून दाखवायची वाट त्यांनीच पाडली.

या काळातली एक घटना साहित्याच्या इतिहासांत फार त्रोटक येते. ‘श्यामची आई’ लिहिणाऱ्या साने गुरुजींनी ११ जून १९५० रोजी मुंबईत आपलं जीवन संपवलं. घराघरांत ज्यांच्या पुस्तकावर मुलं रडली, त्यांच्या मनात काय चाललं होतं हे विचारायला मराठी समाज बराच काळ कचरला. ‘श्यामची आई’ मुलांच्या हाती देताना आजही हा विषय टाळलाच जातो.

पन्नाशीनंतर मुंबईत वाचन बदललं. फाउंटनच्या फुटपाथवर जुनी पेपरबॅक स्वस्तात मिळत. काफ्का, सार्त्र, काम्यू हातोहात फिरत. दिलीप चित्रे, अरुण कोलटकर, रमेश समर्थ यांचं सायक्लोस्टाइल केलेलं ‘शब्द’, पुढे अशोक शहाण्यांचं ‘असो’ अशी अनियतकालिकं निघाली. गिरगावात खटाववाडीत ‘मौज’ प्रकाशनाचं कार्यालय होतं, ‘सत्यकथा’ हे प्रस्थापित मासिक तिथून निघे. १९६९ साली अनियतकालिकांतल्या तरुणांनी ‘सत्यकथे’चा अंक जाळला, इतका या दोन जगांत ताण होता. नेमाड्यांची ‘कोसला’ (१९६३) याच वातावरणातली, तरी मुंबईची नव्हे: पांडुरंग सांगवीकर खानदेशातून पुण्याला शिकायला जातो आणि हात हलवत गावी परततो. त्याला खरा धक्का बसतो तो धाकट्या बहिणीच्या, मनीच्या मरणाने. ती देवीच्या रोगाने जाते. इथेही मरते ती मुलगी. पांडुरंग जगतो, टिंगल करतो, ‘उदाहरणार्थ’ म्हणत राहतो. त्याचं हे जगत राहणं मला काम्यूपेक्षा तुकोबांच्या जास्त जवळचं वाटतं. ‘बरे झाले देवा निघाले दिवाळे’ म्हणणाऱ्या माणसाच्या भाषेत दुष्काळ, कर्ज, घरच्यांचं मरण हे सगळं पचवायची एक रीत आधीपासून होती.

मुंबईची निराशा लिहिली भाऊ पाध्यांनी, आणि तिला पत्ता दिला. ‘वैतागवाडी’तला माणूस जागा शोधतो आहे, बस्स. हे समजायला १९४७चा भाडेनियंत्रण कायदा आठवावा लागतो. भाडी १९४०च्या पातळीवर गोठली, मालकांना नवी भाड्याची घरं बांधण्यात रस उरला नाही आणि पागडी, म्हणजे आधीच मोजायची मोठी रक्कम, दिल्याशिवाय खोली मिळेनाशी झाली. नवरा-बायकोला एकांत नाही, भांडायलाही जागा नाही. ‘आयुष्याला अर्थ आहे का?’ हा प्रश्न इथे ‘डिपॉझिट किती?’ असा विचारला जातो, आणि तो कमी गंभीर नाही. १९६५च्या ‘वासूनाका’वर अश्लीलतेचं वादळ उठलं, त्या गदारोळात नाक्यावरच्या पोरांचं रिकामपण कुणी फारसं पाहिलं नाही. पुढे दोन-तीन वर्षांनी ‘बॅरिस्टर अनिरुद्ध धोपेश्वरकर’मध्ये पाध्ये सुखवस्तू घरात शिरले. जागा, पैसा, शिक्षण सगळं असताना माणूस आतून कसा रिता होतो, हे त्यांनी तिथे दाखवलं. माझ्या लेखी मुंबईच्या मराठी कादंबरीत या विषयावरचं हे सर्वांत निर्भीड पुस्तक आहे, आणि ‘कोसला’च्या मानाने ते फार कमी वाचलं जातं. १९७४मध्ये किरण नगरकरांच्या ‘सात सक्कं त्रेचाळीस’ने सलग गोष्ट सांगणंच मोडीत काढलं.

‘कोसला’ आली त्याच १९६३ साली, माटुंगा लेबर कॅम्पात राहिलेल्या बाबुराव बागुलांचा ‘जेव्हा मी जात चोरली होती’ हा कथासंग्रह आला, मग १९६९मध्ये ‘मरण स्वस्त होत आहे’, आणि १९७०मध्ये ‘सूड’ ही छोटी कादंबरी. बागुलांची माणसं मरणाच्या कडेला उभी असतात, पण त्यांना जगाचा उबग आलेला नसतो; जगानेच त्यांना हाकललेलं असतं. पांडुरंगाला परतायला गाव आहे, त्यांना तेही नाही.

पुस्तकांच्या बाहेर कायदा काय म्हणत होता? १८६०च्या दंडसंहितेतलं आत्महत्येच्या प्रयत्नाबद्दलचं कलम ३०९ जगू न शकलेल्याला नव्हे, वाचलेल्याला शिक्षा करायचं. त्यामुळे घरं असं काही घडलं की ते लपवत, आणि वर्तमानपत्रांत ‘स्टोव्हचा भडका उडून विवाहितेचा मृत्यू’ या ओळीआड बरंच काही झाकलं जाई. मुंबई पोलिसांतल्या एका शिपायाच्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाने १९८६ साली हे कलम घटनाबाह्य ठरवलं. सर्वोच्च न्यायालयाने १९९४मध्ये तसंच म्हटलं आणि १९९६मध्ये ते फिरवलं. २०१७च्या मानसिक आरोग्य कायद्याने अशा माणसाला गुन्हेगार न मानता उपचार द्यायचे ठरवलं. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या न्याय संहितेत ते जुनं कलम नाही. आता १४४१६ या ‘टेली-मानस’ मदतसेवेच्या क्रमांकावर मराठीतही बोलता येतं.

१८ जानेवारी १९८२ला गिरणी संप सुरू झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले आणि परळ-लालबागच्या चाळींत न संपणारी वाट बघणं सुरू झालं. आश्चर्य म्हणजे हे दुःख कादंबरीपेक्षा नाटकाने आणि कथेने आधी पेललं. जयंत पवारांचं ‘अधांतर’ हे नाटक त्यातलं ठळक नाव. मुंबईची कादंबरी तोवर एकट्या माणसाच्या मनात इतकी रमली होती, की अख्खी वस्ती एकदम हताश झाली तर काय लिहायचं हे तिला सुचेना.

ते सुचलं विदर्भात. सदानंद देशमुखांची ‘बारोमास’ २००२ची. शिकून बेकार राहिलेला एकनाथ, कोरडवाहू शेती, घरात रोजची धुसफूस. इथे निराशा पुन्हा घरभर पसरते, यमूच्या काळी होती तशी. या कादंबरीला २००४चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. शेतकरी आत्महत्या का करतात याचा टाटा सामाजिक विज्ञान संस्थेने केलेला अभ्यास मुंबई उच्च न्यायालयापुढे आला तो मार्च २००५मध्ये.