खणाचं घर, ब्रासची वाळू

खानदेशातल्या गिरणा नदीकाठच्या वाळूची भांडणं दर उन्हाळ्यात पेटतात आणि बातमी डंपरपाशीच संपते. गोष्ट मात्र जुनी आहे, आणि ती सुरू होते धाब्यापासून, म्हणजे मातीच्या सपाट छपरापासून.

खानदेशात घर खणांवर, म्हणजे दोन खांबांमधल्या जागेवर मोजत. मातीच्या जाड भिंती, वर लाकडी सरे, त्यावर काटक्या आणि मातीचा थर. रोहिण्या लागण्याआधी धाब्यावर खारी माती टाकली की पावसाळ्याची चिंता मिटली. माती गावातली, लाकूड सातपुड्यातलं, हात घरचे. याला कुणी 'उद्योग' म्हणत नव्हतं. पुढे सरकारी नोंदीत मातीचं घर 'कच्चं' ठरलं. (चाळीस उन्हाळे काढलेल्या भिंतीला कच्चं म्हणायला धाडस लागतं!)

पक्क्या घराला सिमेंट हवं, आणि ते तेव्हा परमिटवर मिळे. याच सिमेंट वाटपाच्या आरोपांवरून जानेवारी १९८२ मध्ये अ. र. अंतुले यांना मुख्यमंत्रिपद सोडावं लागलं. त्याच वर्षी नियंत्रण अंशतः उठलं, १९८९ मध्ये पूर्ण गेलं. मग गोणी तालुक्याच्या दुकानात आली आणि धुळे-जळगावभोवतीची शेतं बिनशेती होऊ लागली.

सिमेंट सुटलं आणि गाडं अडलं वाळूवर. वाळू ब्रासने विकतात, १ ब्रास म्हणजे १०० घनफूट. तापी, गिरणा, पांझरा ही आमची कोठारं. पण गिरणेवर १९६९ मध्ये धरण पूर्ण झालं, वरून येणारी वाळू तिथेच अडू लागली आणि खालचा उपसा मात्र वाढत गेला. पात्रातली वाळू गेली की काठच्या विहिरी आटतात, हे शेतकऱ्याला कोर्टाआधी कळलं होतं. फेब्रुवारी २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ५ हेक्टरहून लहान उपसा-पट्ट्यांनाही पर्यावरण मंजुरी सक्तीची केली. वाळू उपसायच्या जागांचे, म्हणजे घाटांचे लिलाव रखडले आणि रात्रीचे डंपर वाढले. २०२३ मध्ये राज्याने ६०० रुपये ब्रासने डेपोतून वाळू द्यायचं ठरवलं. दोनच वर्षांत धोरण पुन्हा लिलावाकडे वळलं आणि दगड दळून केलेल्या कृत्रिम वाळूवर भर आला.

विटांचं थोडं बरं झालं. कोळशाच्या औष्णिक वीज केंद्रापासून ५० किलोमीटरच्या आतल्या भट्ट्यांनी मातीत किमान २५ टक्के राख मिसळावी, असा केंद्राचा नियम १९९९ मध्ये आला. पुढे ही हद्द वाढत गेली. भुसावळजवळचं दीपनगरचं वीज केंद्र म्हणजे राखेचा डोंगरच. २०१७ मध्ये महारेरा, म्हणजे बिल्डरांवर लक्ष ठेवणारं राज्याचं प्राधिकरण, सुरू झालं. त्याने फ्लॅट घेणाऱ्याला आधार दिला, पण ५०० चौरस मीटरपर्यंतचा भूखंड किंवा ८ पर्यंत घरं त्यातून वगळलेली, म्हणजे तालुक्याच्या गावचा बराचसा लहान बिल्डर बाहेरच.

आणि गरिबाला सरकारी योजनेतून मिळणारं घरकुल? २०१६ पासून सपाट भागात १ लाख २० हजार रुपये अनुदान, किमान २५ चौरस मीटरला. लाभार्थ्याला ५ ब्रासपर्यंत वाळू मोफत, असं कागदावर आहे. घाट बंद असला की तो हप्ता हातात धरून वाळूची वाट पाहतो. माती दारातच असते, पण ती योजनेत बसत नाही.